पेरणीआधीचा पैसा : ग्रामीण पतपुरवठ्याच्या अभ्यासाची प्रस्तावना

शेतीत खर्च आधी होतो आणि उत्पन्न मागाहून येते. जूनमध्ये बियाणे, खत, नांगरट आणि मजुरी यांवर पैसा घालायचा. सोयाबीन हाती येते दिवाळीच्या तोंडावर, कापूस त्याहून उशिरा, आणि उसाला तर वर्ष-दीड वर्ष लागते. मधले महिने कोणाच्या पैशाने काढायचे, या प्रश्नाभोवती ग्रामीण पतपुरवठ्याचे सगळे शास्त्र उभे आहे. तो पैसा कोण देतो, केव्हा देतो, कशाच्या तारणावर देतो आणि कसा वसूल करतो, यावरून जमीन कोणाकडे राहणार आणि गावात कोणाचा शब्द चालणार हेही ठरत जाते. म्हणून हा विषय एकट्या बँकिंगच्या विद्यार्थ्याचा नाही. इतिहास, कायदा, समाजशास्त्र, कृषिविज्ञान यांपैकी कोणत्याही वाटेने येणाऱ्या अभ्यासकाचे येथे मनापासून स्वागत आहे.

मराठी वाचकाला या विषयाची सुरुवात शोधायला दूर जावे लागत नाही. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे गावात शेतकऱ्यांनी सावकारांची दुकाने आणि घरे गाठून कर्जरोखे व हिशेबाच्या वह्या जाळल्या. पुणे आणि अहमदनगर जिल्ह्यांतील अनेक गावांत हे लोण पसरले. जमावाचा रोख माणसांपेक्षा कागदांवर होता, ही त्यातली सर्वांत बोलकी गोष्ट. त्याआधीची दहा-पंधरा वर्षे पाहिली की कारणे उलगडतात. अमेरिकेतील यादवी युद्धामुळे १८६१ नंतर कापसाला तेजी आली आणि कर्ज सहज मिळू लागले. युद्ध संपताच भाव कोसळले, सावकारांनी हात आखडता घेतला आणि नेमक्या त्याच काळात फेरआकारणीत शेतसारा वाढला. त्यातच दिवाणी न्यायालये रोख्यावरचा आकडा प्रमाण मानून हुकूमनामे देत होती.

या उठावातून १८७९ चा दख्खन शेतकरी साहाय्य कायदा आला. रोख्याच्या मागे जाऊन मूळ व्यवहार तपासण्याचा अधिकार त्याने न्यायालयाला दिला. शेतकऱ्याला संरक्षण मिळाले, पण पुढच्या पेरणीचा पैसा कोठून आणायचा हा प्रश्न तसाच राहिला. ब्रिटिश सनदी अधिकारी सर विल्यम वेडरबर्न यांनी पुरंदर तालुक्यासाठी शेतकी बँकेची योजना मांडली, न्यायमूर्ती रानडे यांनी तिची बाजू उचलून धरली. लंडनहून मात्र मंजुरी मिळाली नाही. सावकाराला आवर घालणे हे एक काम आणि त्याच्या जागी दुसरा पैसा उभा करणे हे दुसरे, हा धडा तेव्हापासून पुन्हा पुन्हा गिरवावा लागला आहे.

दुसरा पैसा उभा करण्याची पहिली मोठी वाट सहकाराची. १९०४ च्या कायद्याने गावोगाव पतसंस्था नोंदवता येऊ लागल्या. १९११ मध्ये विठ्ठलदास ठाकरसी आणि लल्लुभाई सामळदास यांच्या पुढाकाराने मुंबईत मध्यवर्ती सहकारी बँक निघाली. आजच्या राज्य सहकारी बँकेचे मूळ तिच्यात आहे. तरीही रिझर्व्ह बँकेने ७५ जिल्ह्यांतील ६०० गावांत केलेल्या पाहणीचा अहवाल १९५४ मध्ये आला, तेव्हा दिसले की शेतकऱ्याच्या एकूण कर्जात सहकारी संस्थांचा वाटा जेमतेम तीन टक्के, व्यापारी बँकांचा टक्काभरही नाही आणि सावकारांचा सुमारे सत्तर टक्के आहे.

या पाहणी समितीवर अर्थतज्ज्ञ धनंजयराव गाडगीळ होते. एकट्या कर्जाने शेतकरी उभा राहत नाही. कर्ज, मालाची विक्री, प्रक्रिया आणि साठवण यांची सांगड घातली पाहिजे, हा समितीच्या शिफारशींचा गाभा होता. अहमदनगर जिल्ह्यात विठ्ठलराव विखे पाटील आणि गाडगीळ यांनी उभ्या केलेल्या प्रवरेच्या सहकारी साखर कारखान्यात ही सांगड प्रत्यक्ष पाहता येते. ऊस कारखान्यात जातो, कर्जाचा हप्ता उसाच्या बिलातून वळता होतो, म्हणून गावाची सहकारी पतसंस्था, म्हणजे सोसायटी, पुढच्या हंगामाला निर्धास्तपणे कर्ज देते. कोरडवाहू ज्वारी-तुरीला असा खात्रीचा खरेदीदार नाही. उसाच्या पट्ट्यातील आणि मराठवाडा-विदर्भातील जिल्हा मध्यवर्ती सहकारी बँकांच्या प्रकृतीतला फरक समजून घ्यायचा असेल, तर कारभाराच्या गुणदोषांइतकेच पीक आणि पाणी यांकडेही पाहावे लागते. कर्जफेडीची ताकद बाजारात तयार होते, आणि माझ्या मते या सगळ्या अभ्यासाचे मध्यवर्ती सूत्र हेच आहे.

पुढचा टप्पा व्यापारी बँकांचा. १९६९ मध्ये १४ बँकांचे राष्ट्रीयीकरण झाले, पुण्याची बँक ऑफ महाराष्ट्र त्यांपैकी एक. त्याच वर्षी अग्रणी बँक योजनेने प्रत्येक जिल्ह्याची जबाबदारी एकेका बँकेकडे सोपवली. १९७५ मध्ये प्रादेशिक ग्रामीण बँका आणि १९८२ मध्ये राष्ट्रीय कृषी आणि ग्रामीण विकास बँक (नाबार्ड) आली. १९७७ ते १९९० या काळात, बँक असलेल्या ठिकाणी नवी शाखा हवी असेल तर बँक नसलेल्या चार ठिकाणी शाखा उघडण्याचे बंधन होते. अर्थशास्त्रज्ञ रॉबिन बर्जेस आणि रोहिणी पांडे यांनी २००५ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात या विस्तारामुळे ग्रामीण दारिद्र्य कमी झाल्याचा निष्कर्ष काढला. त्यावर आक्षेपही घेतले गेले. या शाखांच्या कर्जांची थकबाकी मोठी होती हे खरे आणि गरिबी घटली हेही खरे असेल, तर यश मोजायचे कसे, हा वाद नव्या अभ्यासकाने जरूर मुळातून वाचावा.

आता आजच्या गावात येऊ. पीककर्जाच्या फाईलला सातबारा आणि आठ-अ लागतात; इतर बँकांचे थकबाकी नसल्याचे दाखलेही अनेकदा मागितले जातात. एकरी किती कर्ज द्यायचे याचे दर जिल्हास्तरावरील तांत्रिक समितीच्या शिफारशीने ठरतात. वेळेत फेडणाऱ्याला व्याजात मोठी सवलत आहे. म्हणून मार्चअखेर अनेक गावांत ‘नवं-जुनं’ चालते : शेतकरी चार-आठ दिवसांसाठी खाजगीत पैसे उचलतो, जुने कर्ज भरतो, नवे मंजूर होताच ते उचलून खाजगी देणे फेडतो. बँकेच्या तक्त्यात वसुलीही चांगली दिसते आणि नवे कर्जवाटपही. शेतात मात्र नवा रुपया गेलेला नसतो, आणि खाजगी पैशाचे व्याज घरातून जाते. वाटपाच्या आकड्यांवरून विकासाचा अंदाज बांधणाऱ्याने ही रीत आधी समजून घ्यावी.

सातबाऱ्यावर ज्याचे नाव नाही त्याचे काय, हा याहून मोठा प्रश्न. बटईने शेती करणारा, वनजमीन कसणारा आणि विशेषतः शेतात राबणारी पण उताऱ्यावर नसलेली बाई यांना ही व्यवस्था सहज ओळखत नाही. १९९२ पासून बचत गट बँकांशी जोडले गेले आणि तारणाऐवजी गटाच्या शिस्तीवर कर्ज मिळू लागले. साताऱ्याच्या दुष्काळी माण तालुक्यात, म्हसवडला, चेतना सिन्हा यांच्या पुढाकाराने १९९७ मध्ये महिलांची माणदेशी सहकारी बँक उभी राहिली. संस्थापक महिला निरक्षर आहेत या कारणाने परवान्याचा पहिला अर्ज फेटाळला गेला होता. महिला लिहा-वाचायला शिकल्या आणि पुन्हा अर्ज घेऊन गेल्या. दुसरीकडे सूक्ष्मवित्त कंपन्यांच्या आठवड्याच्या हप्त्यांचे ओझेही अनेक घरांवर आले आहे. या दोन्ही गोष्टी एकाच अभ्यासात मांडल्या गेल्या पाहिजेत.

कर्जमाफीची चर्चा या क्षेत्रात टाळता येत नाही. २००८, २०१७ आणि २०१९ च्या योजनांनी संकटातल्या अनेक कुटुंबांना श्वास घेता आला, हे नाकारू नये. मात्र जो खाजगी सावकाराच्या देण्यात आहे, त्याच्यापर्यंत बँकेच्या कर्जाची माफी पोचत नाही. आणि भाव व पाणी तेच राहिले तर नवे कर्जही थकते.

नव्या अभ्यासकाला माझी एकच विनंती आहे. अहवाल वाचा, सांख्यिकी शिका; पण एका गावातील सोसायटीचे एका हंगामाचे व्यवहार तिचे दप्तर सांभाळणाऱ्या गटसचिवाजवळ बसून समजून घ्या, आणि त्याच गावातील कर्ज न मिळालेल्या दहा घरांतही जा. या दोन्ही बाजू एकत्र मांडणारे लेखन मराठीत अजून फार थोडे आहे. ते तुमच्याकडून व्हावे.