मन फाटलं, हे नाव कुणी दिलं?

ताईला बघायला पाहुणे येणार होते, तेव्हा आईने मला दोन दिवस मामाकडे राहायला सांगितलं. "तुझं काही नाही रे, पण लोक विचारतात," एवढंच म्हणाली. मी बॅग भरली. चोवीस वर्षांचा होतो. आजाराचं नाव कळून वर्ष झालं होतं: स्किझोफ्रेनिया.

आमच्या पुण्यात कुणाला वेड्यात काढायचं तर 'याला येरवड्याला पाठवा' म्हणतात. शाळेत मीही म्हणायचो. मामाकडे रिकामा बसलो होतो, म्हणून मोबाइलवर या नावाचाच इतिहास वाचायला घेतला.

हा शब्द १९०८ साली ऑयगेन ब्लॉइलर या स्विस डॉक्टरांनी बर्लिनमधल्या व्याख्यानात मांडला. त्याआधी एमिल क्रेपेलिन यांचं 'डिमेन्शिया प्रीकॉक्स', म्हणजे कमी वयातली बुद्धिहानी, हे नाव रूढ होतं. पण ब्लॉइलर यांना दिसलं, की सगळेच रुग्ण ढासळत नाहीत, काही सुधारतातही. म्हणून त्यांनी ग्रीक शब्द जोडून नवं नाव घडवलं: दुभंगलेलं मन. विचार आणि भावनांचे सांधे सैल होतात, असं त्यांना म्हणायचं होतं. लोकांनी अर्थ लावला, 'एका माणसात दोन माणसं'. मराठीत 'छिन्नमनस्कता' म्हणून आपण ती चीर आणखी खोल केली.

जुन्या जपानी नावाचा अर्थही 'मन फुटण्याचा आजार' असाच होता. रुग्णांच्या कुटुंबीयांच्या संघटनेने मागणी लावून धरली आणि २००२ साली ते बदललं. त्यानंतर तिथले डॉक्टर रुग्णांना निदान जास्त मोकळेपणाने सांगू लागले.

नाव बदललं की सगळं बदलतं? आपल्याकडे १९१२ चा 'ल्युनसी ॲक्ट' जाऊन १९८७ चा मानसिक आरोग्य कायदा आला. तरी ६ ऑगस्ट २००१ ला तमिळनाडूतल्या एरवाडीत आग लागली आणि २८ मनोरुग्ण गेले. साखळीने बांधलेली माणसं पळणार कशी? साखळदंडांवर स्पष्ट बंदी घालणारा कायदा यायला २०१७ उजाडलं.

मला कुणी बांधलं नव्हतं. फक्त बॅग भरायला लावली होती.

रात्री ताईचा फोन आला. "मी त्यांना सांगितलं, मला भाऊ आहे. त्याला काय झालंय तेही सांगितलं. सकाळी घरी ये."

ते स्थळ पुढे सरकलं नाही. मला अजून वाईट वाटतं. ताईला नाही.