पहिल्या पारपत्राचा पुरावा : महाराष्ट्रातील जन्मनोंद, दाखला आणि नाव

पारपत्र म्हणजे राज्यसंस्थेने नागरिकाच्या हाती दिलेला ओळखीचा लेख होय. तो लेख मिळण्यापूर्वी नागरिकाला जे कागद राज्यसंस्थेपुढे ठेवावे लागतात, त्यांच्या इतिहासाकडे मात्र अभ्यासकांचे लक्ष तुलनेने कमी गेले आहे. पहिल्या महायुद्धाच्या काळात हिंदुस्थानात पारपत्रव्यवस्था कशी उभी राहिली, हे राधिका सिंघा यांच्या संशोधनाने बरेच उजेडात आणले आहे. पारपत्राच्या हक्काविषयी न्यायनिर्णयही विपुल आहेत. परंतु प्रथमच अर्ज करणाऱ्या मनुष्याच्या पिशवीत जे कागद असतात, त्यांतील बहुतेक मुळात पारपत्रासाठी जन्माला आलेलेच नाहीत. शाळेचा दाखला शाळेच्या सोयीसाठी, शिधापत्रिका धान्यासाठी, गावची जन्ममृत्यूची वही साथीच्या रोगांच्या व लोकसंख्येच्या हिशेबासाठी. भिन्न हेतूंनी, भिन्न काळी, भिन्न माणसांनी लिहिलेले हे कागद पारपत्र कार्यालयात प्रथमच शेजारी शेजारी मांडले जातात, आणि त्यांनी एकमुखाने बोलावे अशी अपेक्षा केली जाते. ती अपेक्षा कोणाला पेलता आली व कोणाला नाही, हा येथे महत्त्वाचा प्रश्न आहे.

प्रवासाचा परवाना ही कल्पना मराठी मुलखाला नवी नव्हती. पेशवाईच्या कागदपत्रांत आढळणारी दस्तके चौक्यांवरील अंमलदारांना उद्देशून लिहिलेली असत. कोण जात आहे, बरोबर माणसे व जनावरे किती, कोठून कोठे जावयाचे, एवढा तपशील त्यांस पुरे होई. समुद्रावर पोर्तुगीजांचे कार्ताझ आणि आंग्र्यांची दस्तके चालत. या लेखांतील मनुष्य कोणाच्या आश्रयाचा, कोणाच्या कामावर निघालेला, यावरून ओळखला जाई. तो कोणत्या तारखेस जन्मला, हा प्रश्न तेथे संभवतच नव्हता.

एकोणिसाव्या शतकात चित्र पालटले, पण एकसारखे नव्हे. करारबद्ध मजूर म्हणून मॉरिशसला गेलेल्यांत मुंबई बंदरातून चढलेले कोकणातील मराठी लोक पुष्कळ होते. त्यांच्याकडून कोणी पुराव्याचे कागद मागितले नाहीत; कागद सरकारनेच तयार केले. नाव, बापाचे नाव, जात, गाव, उंची, अंगावरील खुणा अशी नोंद झाली. पुढे १८६७ च्या कायद्याने मॉरिशसमधील जुन्या मजुरांच्या ओळखपत्रावर छायाचित्रही आले. मोका येथील महात्मा गांधी संस्थेत हा संग्रह आज जतन केलेला आहे, आणि कोकणातील कित्येक कुटुंबांचा स्वदेशी अभिलेखात न सापडणारा पूर्वज तेथे चेहऱ्यासह सापडतो. याच काळात विलायतेस बॅरिस्टरी शिकावयास जाणाऱ्या तरुणास सर्वसाधारणपणे पारपत्राची गरजच पडत नसे. कागद दरिद्री माणसाच्या देहावर नजर ठेवण्यासाठी होता. प्रतिष्ठिताला त्याचा पोशाख व परिचयपत्रे पुरत.

महायुद्धाने ही मोकळीक संपविली. भारत संरक्षण कायद्याखालील नियमांनी पारपत्र आवश्यक झाले, आणि १९२० च्या कायद्याने हिंदुस्थानात प्रवेशासाठी ते मागण्याचा अधिकार शांततेच्या काळातही कायम राहिला. पारपत्र देणे जसे सरकारच्या हाती, तसेच ते काढून घेणेही. १९१८ साली होमरूलच्या शिष्टमंडळासह विलायतेस निघालेल्या लोकमान्य टिळकांना कोलंबोपर्यंत पोहोचल्यावर पारपत्रे रद्द झाल्यामुळे परतावे लागले. त्याच वर्षी चिरोल खटल्यासाठी मात्र त्यांना जाऊ देण्यात आले. टिळक कोण, याविषयी सरकारच्या मनात संशय असण्याचे काहीच कारण नव्हते. अडचण ओळखीची नसून मर्जीची होती.

मर्जीच्या या राज्यात पुराव्याचे स्वरूपही मर्जीला साजेसेच होते. अर्जदारास आपण व्यक्तिशः ओळखतो, असे एखाद्या दंडाधिकाऱ्याने किंवा तत्सम दर्जाच्या गृहस्थाने लिहून देणे, हा त्याचा गाभा. स्वातंत्र्यानंतरही ही रीत एकदम मोडली नाही. परदेशात अर्जदार निराधार झाल्यास त्याला परत आणण्याचा खर्च कोण सोसणार, याची हमी मागितली जाई. इंग्लंडला जाऊ पाहणाऱ्या अल्पशिक्षित, अकुशल लोकांना पारपत्र देण्याविषयी १९५० नंतरच्या दशकात शासनाचे धोरण उघडपणे नाखुशीचे होते. ज्याच्या ओळखीचा दंडाधिकारी नाही आणि ज्याच्यासाठी जामीन राहणारा सावकार नाही, त्याचा जन्म निर्विवाद असूनही अर्ज दुबळा ठरे.

या व्यवस्थेला निर्णायक धक्का न्यायालयांनी दिला. परदेशी जाण्याचा हक्क व्यक्तिस्वातंत्र्यात अंतर्भूत आहे, असे मत मुंबईसह काही उच्च न्यायालयांनी व्यक्त केले होते. १० एप्रिल १९६७ रोजी सतवंत सिंग साहनी यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तीन विरुद्ध दोन अशा बहुमताने ते मान्य केले आणि कायद्याच्या आधाराविना पारपत्र नाकारण्याचा शासनाचा अधिकार नाहीसा झाला. लगोलग वटहुकूम निघाला व जून १९६७ मध्ये पारपत्र अधिनियम झाला. १९७८ च्या मनेका गांधी खटल्याने या हक्काला आणखी बळकटी आली. या निर्णयांचे महत्त्व वादातीत आहे. तथापि त्यांचा एक परिणाम फारसा लक्षात घेतला जात नाही. नकार देण्यास जेव्हा कारण लागू लागले, तेव्हा कागदांतील विसंगती हेच सर्वांत सोयीचे कारण झाले. मर्जी मागे हटली आणि तिच्या जागी पुरावा येऊन बसला.

पुराव्यांत पहिला मान जन्मतारखेचा. महाराष्ट्रातील जन्मनोंदीचा इतिहास पाहिला म्हणजे ही तारीख किती नाजूक पायावर उभी आहे ते कळते. १८८६ चा जन्म, मृत्यू व विवाह नोंदणीचा कायदा बव्हंशी ऐच्छिक स्वरूपाचा होता. गावोगावी जन्ममृत्यूची नोंद गावकामगारांच्या वहीत होई. गाव नमुना १४, किंवा लोकांच्या तोंडी ‘कोतवाल बुक’, ती हीच. जुन्या वह्या मोडीत आहेत, आणि आजकाल त्या उघडल्या जातात त्या मुख्यतः जातीच्या पुराव्यासाठी. या वहीत बापाचे नाव व जात असते. पुष्कळदा मुलाचे नाव मात्र नसते. त्याचे कारण हलगर्जीपणा नव्हे. नोंद जन्मानंतर लगेच व्हावयाची आणि नाव बाराव्या दिवशी बारशाला ठेवावयाचे. त्यामुळे ‘मुलगा झाला’ किंवा ‘मुलगी झाली’ एवढेच लिहिले गेले. १९६९ च्या अधिनियमाने नोंदणी सर्वत्र सक्तीची झाली, तरी नावाची रिकामी जागा उरलीच. ती भरून घेण्यास नियमांनी पंधरा वर्षांची मर्यादा घातली, आणि जुन्या नोंदींसाठी शासनाला वेळोवेळी मुदत वाढवून द्यावी लागली. वर्ष उलटल्यावर मूळ नोंदच करावयाची झाल्यास दंडाधिकाऱ्यांचा आदेश आवश्यक ठरला. आपण जन्मलो हे तिशीतल्या माणसाने दंडाधिकाऱ्यापुढे सिद्ध करावे, ही कल्पना त्याच्या आजीला खचितच चमत्कारिक वाटली असती.

आजीजवळ तारीख नव्हती, पण काळ होता. पटकीच्या, प्लेगच्या, १९१८ च्या मानमोडीच्या साथीवरून. १९६१ च्या पानशेतच्या पुरावरून, १९६७ च्या कोयनेच्या भूकंपावरून, १९७२ च्या दुष्काळावरून घरातील जन्म सांगितले जात. ज्यांच्या घरी ज्योतिषी येई त्यांच्याकडे पत्रिका असे, आणि तिच्यात शक, मास, तिथी व घटिका इतकी बारीक मोजदाद असे की इंग्रजी दाखला तिच्यापुढे ओबडधोबड वाटावा. परंतु पंचांगाचा वार सूर्योदयापासून सुरू होतो आणि सरकारी तारीख मध्यरात्रीपासून. पहाटे तीनला जन्मलेल्या मुलाचा वार पत्रिकेत एक, तर दाखल्यावर त्याच्या पुढचा. दोन्ही खरे, पण कार्यालयाच्या मेजावर ही विसंगतीच.

वही आणि पत्रिका दोन्ही नसतील तेथे तारीख शाळेने निर्माण केली. महाराष्ट्रात १ जून हा जन्मदिवस असणाऱ्यांची संख्या एवढी मोठी आहे की तो विनोदाचा विषय होऊन बसला आहे. त्यामागील व्यवहार मात्र साधा आहे. शाळेचे वर्ष जूनमध्ये सुरू होई. बापाने किंवा चुलत्याने मूल नेऊन उभे केले की मास्तर अंदाजाने सहा वर्षे वय धरीत, आणि त्यानुसार १ जून ही तारीख जनरल रजिस्टरात लिहीत. तेवढ्या एका ओळीने पुढचे सारे ठरे : शालान्त परीक्षेचे प्रमाणपत्र, नोकरीची सेवापुस्तिका, निवृत्तीचा दिवस, आणि अखेर पारपत्र. शाळा सोडल्यानंतर ती तारीख बदलणे जवळजवळ अशक्य. मास्तरांनी हे खोटेपणाने केले, असे म्हणणे अन्यायाचे होईल. किंबहुना राज्यसंस्थेने जे काम कित्येक दशके केले नाही, ते प्राथमिक शिक्षकाने एका ओळीत उरकून दिले, असेच म्हटले पाहिजे. जे शाळेपर्यंत पोहोचले नाहीत, विशेषतः मुली, त्यांना ही काल्पनिक तारीखसुद्धा मिळाली नाही.

तारखेहून नाव अधिक अवघड. स्वतःचे नाव, वडिलांचे नाव, आडनाव ही मराठी त्रिपदी शाळेच्या रजिस्टरात रूढ झाली. तरी एका कागदावर ‘राव’ लागतो, दुसऱ्यावर गळतो. बहिणीच्या नावापुढे ‘बाई’ येते व जाते. आडनावाऐवजी गावावरून पडलेले नाव येते. रोमन लिपीत उतरताना एकाच ‘ई’काराची दोन रूपे होतात. स्त्रियांच्या बाबतीत तर त्रिपदीचे तिन्ही पाय हलतात. विवाहानंतर मधले नाव व आडनाव बदलतेच. पण महाराष्ट्रातील अनेक समाजांत लग्नाच्या वेळी मुलीचे स्वतःचे नावही बदलण्याची चाल होती. शाळेचा दाखला माहेरच्या नावाने, शिधापत्रिका सासरच्या नावाने, आणि या दोन्ही स्त्रिया एकच आहेत हे सांगणारा कागद कोणाकडेच नाही. मग प्रतिज्ञापत्र, वर्तमानपत्रातील जाहिरात, शासन राजपत्रातील नामबदलाची नोंद, अशी साखळी जोडावी लागते. राजपत्रातील नामबदलाच्या जाहिरातींची पाने म्हणजे महाराष्ट्राच्या सामाजिक इतिहासाचे अस्सल साधन आहे. त्यांचा पद्धतशीर अभ्यास एखाद्या विद्यार्थ्याने हाती घ्यावयास हवा.

वास्तव्याचा पुरावा म्हणून शिधापत्रिकेला जे स्थान लाभले, तेही योगायोगाने. मुंबईत १९४३ साली युद्धकालीन टंचाईमुळे नियंत्रित धान्यवाटप सुरू झाले, आणि खोलीत राहणारी माणसे किती हे प्रथमच घरोघर कागदावर आले. युद्ध संपले, कागद राहिला. चाळीत पोटभाडेकरू म्हणून राहणाऱ्या कुटुंबाला भाडेपावती मिळत नसे, तेव्हा धान्याचा हाच कागद त्याचे घर सिद्ध करू लागला. पुढे शासनानेच त्यावर ‘हा पत्त्याचा पुरावा नव्हे’ अशी भूमिका घेतली, यात तर्क असला तरी चाळकऱ्याला त्याने काय साधणार?

ज्यांना गावच नाही त्यांची स्थिती याहून बिकट. गुन्हेगार जमाती कायद्याखाली नोंदलेल्या जमातींच्या माणसांना हजेरी द्यावी लागे आणि ठरवून दिलेल्या जागेबाहेर जाण्यास पास घ्यावा लागे. ब्रिटिश हिंदुस्थानात प्रत्येक हालचालीला परवाना लागणारे असे हे लोक. पोलिसांच्या दप्तरी त्यांची नावे, ठसे, वास्तव्य सारे होते. १९५२ साली कायदा रद्द झाला. पण ज्या नोंदीने त्यांना बांधले होते ती त्यांच्या बाजूने पुरावा म्हणून कधी उभी राहिली नाही. विमुक्त कुटुंबातील मूल पालावर जन्मले तर त्याला ना वही, ना दाखला, ना पत्ता.

सीमेपलीकडच्या गोव्यात याच्या उलट प्रकार दिसतो. पोर्तुगीज नागरी नोंदणीतील जन्मलेखात आईबापांबरोबर आजीआजोबांचीही नावे असत. १९६१ च्या मुक्तीनंतर १९६२ च्या आदेशाने गोमंतकीय भारताचे नागरिक झाले; परंतु हे लेख टिकून राहिले, आणि त्यांच्या आधारे जन्माची नोंद लिस्बनमध्ये करवून पोर्तुगीज नागरिकत्व मिळविणारे गोमंतकीय आज थोडे नाहीत. नोंद व्यवस्थित असल्याने एका देशाचे पारपत्र सोपे होते आणि दुसऱ्याचे गमवावे लागते.

भारतीय नियमांत २६ जानेवारी १९८९ रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्यांस जन्मदाखला सक्तीचा होता. डिसेंबर २०१६ मध्ये ही अट सैल झाली; आईबापांपैकी एकाचेच नाव देणे पुरे ठरले, आणि विवाहाच्या दाखल्याची आवश्यकता गेली. साधुसंन्याशांना आईबापांऐवजी गुरूचे नाव लिहिण्याची मुभा मिळाली, हे कलम वाचताना जुन्या दस्तकांची आठवण होते. २०२५ च्या दुरुस्तीने मात्र १ ऑक्टोबर २०२३ रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्यांसाठी जन्मदाखला हाच एकमेव पुरावा ठरविला आहे. त्यापूर्वी जन्मलेल्यांसाठी शाळेचा दाखला, सेवापुस्तिकेचा उतारा, वाहन परवाना, मतदार ओळखपत्र, विम्याचे बंधपत्र हे पर्याय अद्याप खुले आहेत. अर्जातील दोन परिचितांच्या नावांचा रकानाही तसाच आहे, आणि पोलीस तपासासाठी आलेला शिपाई शेजाऱ्याला अजूनही तोच जुना प्रश्न विचारतो : यांना तुम्ही ओळखता काय?