राहू आणि सावली
राहू चंद्राला गिळतो ही गोष्ट आपण आजीच्या तोंडून ऐकलेली. पण इ. स. 499 च्या सुमारास आर्यभटाने ‘आर्यभटीया’त स्वच्छ सांगून टाकले, की सूर्याला झाकतो तो चंद्र आणि चंद्राला झाकते ती पृथ्वीची सावली. मग दर अमावास्येला ग्रहण का नाही? चंद्राची वाट सुमारे 5 अंशांनी कललेली, म्हणून.

पुढे 628 मध्ये ब्रह्मगुप्ताने राहू नाकारणाऱ्यांना वेद-स्मृतींच्या विरुद्ध जाणारे ठरवले. गणित मात्र सावलीचेच केले! 1030 च्या सुमारास अल्-बीरूनीला हे खटकले. सॉक्रेटिसासारखी आपली गत होईल ही भीती असावी, असा त्याचा तर्क. मला तो पटतो. पृथ्वीच्या सावलीचा व्यास काढायची रीत देणारा माणूस राहूवर मनापासून विश्वास ठेवील कसा?