दुखणे सांगायचे कोणाला?

दवाखान्यात पाऊल टाकले की पहिला प्रश्न येतो, "काय होतंय?" या प्रश्नाला कोणीही "मला अमुक जंतूचा संसर्ग झाला आहे" असे उत्तर देत नाही. उत्तर गोष्टीच्या रूपात येते. "परवा बाजाराहून आले, तेव्हापासून अंग मोडून आलंय. रात्री थंडी वाजली. सकाळी खुरपायला गेले तर डोळ्यांपुढे अंधारी आली." या तीन-चार वाक्यांत दुखण्याची सुरुवात आहे, लक्षणांचा क्रम आहे, आणि तापातही खुरपायला जाणे भाग होते ही माहितीही आहे. डॉक्टर याला 'हिस्टरी' म्हणतात. रोगनिदानाचे ते पहिले, बिनखर्चाचे आणि फार जुने साधन आहे.

अमेरिकन मानसोपचारतज्ज्ञ व मानववंशशास्त्रज्ञ आर्थर क्लाइनमन यांनी 1988 साली प्रसिद्ध झालेल्या ग्रंथात एक उपयुक्त भेद मांडला. रोग म्हणजे शरीरात झालेला बिघाड. आजारपण म्हणजे तो बिघाड घेऊन जगताना माणसाला आणि त्याच्या घरच्यांना येणारा अनुभव. तापमापी ताप दाखवते, पण त्या तापापायी किती दिवसांची मजुरी बुडाली हे दाखवत नाही. ते रोग्यानेच सांगायचे असते.

वेदनेच्या बाबतीत तर रोग्याच्या शब्दांवाचून गत्यंतरच नाही, कारण वेदना थेट मोजणारे उपकरण नाही. कॅनडातील मॅकगिल विद्यापीठाच्या रोनाल्ड मेलझॅक यांनी रोग्यांच्या तोंडचे वेदनेचे शब्द गोळा केले आणि 1975 साली 78 शब्दांची, 20 गटांत विभागलेली प्रश्नावली प्रसिद्ध केली. मराठीही या बाबतीत गरीब नाही. गळू ठणकते, पोटात कळ येते, कमरेत उसण भरते, पाठीत चमक निघते, लघवीला आग होते. यातला प्रत्येक शब्द वेगळ्या प्रकारच्या दुखण्याकडे बोट दाखवतो.

परंतु सांगण्यासारखे पुष्कळ असले तरी ते कोणालाही सांगता येत नाही. ऐकणारा कोण आहे यावर गोष्ट ठरते. या मुद्द्याचा एक मोलाचा इतिहास अहिल्यानगर (पूर्वीच्या अहमदनगर) जिल्ह्यातच घडला.

डॉ. रजनीकांत आणि डॉ. मेबल आरोळे हे दांपत्य 1960 नंतरच्या दशकात नेवासा तालुक्यातील वडाळा येथील मिशन रुग्णालयात काम करत होते. बरे होऊन गेलेले रोगी त्याच तक्रारी घेऊन पुन्हा येत. बहुतेक रोग टाळता येण्याजोगे होते, आणि त्यांची मुळे रुग्णालयाबाहेर, पाण्यात, अन्नात आणि रूढींत होती. पुढे अमेरिकेत सार्वजनिक आरोग्याचे शिक्षण घेऊन दोघे परतले आणि 1970 साली त्यांनी जामखेड येथे समग्र ग्रामीण आरोग्य प्रकल्प सुरू केला.

आरंभी गावोगावी प्रशिक्षित परिचारिका नेमण्याचा प्रयोग झाला, पण तो फारसा साधला नाही. परिचारिका शिकलेली असली तरी परगावची होती. गावातल्या बाया तिच्याजवळ मन मोकळे करीनात. मग गावानेच निवडलेल्या बायकांना आरोग्यसेविका म्हणून शिकवायचे ठरले. त्यांतील अनेक जणी निरक्षर होत्या, कित्येक दलित समाजातील होत्या. दुष्काळ, बाळंतपण, मूल दगावणे या गोष्टी त्यांनी स्वतः भोगल्या होत्या. प्रशिक्षणासाठी जामखेडला एकत्र आल्या की त्या आपापले अनुभव आणि गावात काय घडले ते एकमेकींना सांगत. अभ्यासाचा बराचसा मजकूर त्यातूनच मिळे.

यामुळे काय साधले? गरोदर बाई कमी का जेवते, हे तिच्या तपासणीतून कळत नाही. "पोर पोटात मोठं झालं तर बाळंतपण अडेल" ही भीती तिच्या बोलण्यातूनच कळते. हगवण लागलेल्या मुलाला आई पाणी का देत नाही, तर "पाणी दिलं की जुलाब वाढतात" असे तिने वडीलधाऱ्यांकडून ऐकलेले असते. कारण कळले की साखर-मिठाच्या पाण्याचा उपाय तिला पटेल अशा रीतीने सांगता येतो.

कुष्ठरोगाचे उदाहरण याहून बोलके आहे. त्याच्या चट्ट्याची संवेदना जाते, म्हणून तो दुखत नाही, आणि दुखत नाही म्हणून रोगी दवाखान्यात येत नाही. शिवाय 'महारोग' या नावाचा धाक. पण चुलीपाशी बसलेली बाई जेव्हा शेजारणीला सांगते, "हात भाजला, पण मला कळलंच नाही," तेव्हा ऐकणारीला याचा अर्थ ठाऊक असला तर हातपाय झडण्यापूर्वी उपचार सुरू होऊ शकतात. जामखेडला कुष्ठरोग्यांना वेगळ्या वसाहतीत न धाडता त्यांच्या गावातच उपचार देण्यावर भर होता. रोग लपवावा लागत नाही, तिथेच रोगी बोलतो.

जामखेडची दखल जगाने घेतली. जागतिक आरोग्य संघटनेने 1975 साली काढलेल्या ग्रंथात या प्रकल्पावर प्रकरण होते. 1979 साली आरोळे दांपत्याला मॅगसेसे पुरस्कार मिळाला. मुक्ताबाई पोळ या आरोग्यसेविकेने 1988 साली वॉशिंग्टनच्या परिषदेत सभागृहातल्या झुंबरांकडे बोट दाखवून म्हटले, की डॉक्टर या झुंबरांसारखे आहेत, सुंदर पण महाग आणि दूरचे. मग आपल्याजवळच्या दोन पणत्या काढून तिने एकीने दुसरी पेटवता येते हे दाखवले. याच्याच आधी, 1984 साली, अमेरिकेतील एका अभ्यासात आढळले होते की रोगी बोलू लागल्यावर सरासरी 18 सेकंदांत डॉक्टर त्याला मध्येच अडवतात.

तरीही विज्ञानाच्या विद्यार्थ्याने इथे सावध राहिले पाहिजे. "अमक्याने पाला दिला आणि कावीळ उतरली," ही गोष्ट आपण सर्वांनी ऐकलेली असते. सांगणारा खोटे बोलत नाही. परंतु दूषित पाण्यातून होणारी कावीळ बहुतेक वेळा काही आठवड्यांत आपोआप बरी होते, आणि ज्यांची उतरली नाही त्यांची गोष्ट आपल्या कानावर येतच नाही. अनुभव खरा असला तरी त्यातून काढलेले अनुमान चुकीचे असू शकते. म्हणून जामखेडच्या सेविका केवळ ऐकून थांबल्या नाहीत. मुलांची वजने, जन्म आणि मृत्यू यांच्या नोंदी तिथे ठेवल्या गेल्या. प्रकल्पाच्या नोंदींनुसार 1971 मध्ये तिथे हजार जिवंत जन्मांमागे 176 बालके वर्षाच्या आत दगावत होती, तर 1990 नंतरच्या दशकाअखेर हा आकडा तिशीच्या आत आला होता. यात पाणी, अन्न, लसीकरण अशा अनेक गोष्टींचा वाटा होता. काय करायला हवे हे गोष्टींतून कळले, आणि केलेले उपयोगी पडले की नाही हे मोजणीतून कळले.

शिक्षकांना हा विषय वर्गात सहज घेता येईल. मुलांनी आजी-आजोबांकडून दुखण्याचे शब्द गोळा करावेत आणि प्रत्येक शब्द कोणत्या अवयवासाठी, कोणत्या प्रकारच्या वेदनेसाठी वापरतात याचा तक्ता करावा. कोणाच्या आजाराची हकिगत लिहिली तर नाव गाळावे, आणि सांगणाऱ्याने स्वतः अनुभवलेले किती व त्याचे अनुमान किती, हे दोन रकान्यांत वेगळे मांडावे.

आणखी एक. सातवीतली मुलगी "सर, पोटात दुखतंय" म्हणते तेव्हा ते अपचन असेल, सकाळपासूनची भूक असेल, पाळी आली असेल किंवा गणिताच्या पेपरची धास्ती असेल. यातले काय ते सरांपेक्षा बाईंना किंवा मैत्रिणीला ती लवकर सांगेल. आपल्या शाळेत तिला असे सांगता येईल अशी एक तरी व्यक्ती आहे का, हे प्रत्येक शिक्षकाने एकदा तपासून पाहावे.