नायिकेची मोलकरीण : थेरेसा हॅरिस

चित्रपटाचा इतिहास नायिकांच्या नावांनी लिहिला जातो. नायिकेला कोट घालणारी, तिच्यासाठी दार उघडणारी बाई त्या इतिहासात येत नाही. १९७२ मध्ये आपल्या तरुणांनी ‘पँथर’ हे नाव अमेरिकेतील काळ्या माणसांच्या लढ्यावरून घेतले. त्यांचे कवी आपण वाचले. त्यांच्या नट्या मात्र आपण फारशा पाहिल्या नाहीत. म्हणून मी थेरेसा हॅरिसविषयी लिहीत आहे.

ती टेक्सासमधील ह्यूस्टनची. १९२९ च्या ‘थंडरबोल्ट’ मध्ये ती गायिका म्हणून दिसते. गाणे होते, रूप होते, अभिनय होता. तरीही पुढची जवळजवळ तीस वर्षे हॉलिवूडने तिच्या अंगावर बहुधा मोलकरणीचाच झगा चढवला.

१९३३ चा ‘बेबी फेस’ पाहा. बार्बरा स्टॅनविकची लिली आणि थेरेसाची चिको बापाच्या दारूच्या अड्ड्यावर राबतात. बाप चिकोला हाकलू पाहतो, तेव्हा ही गेली तर मीही जाईन, असे लिली बजावते. दोघी मालगाडीतून न्यूयॉर्क गाठतात. लिली बँकेत मजल्यामागून मजला चढते. चिको तिच्याच घरात मोलकरीण होते. मैत्री टिकते, पण समता टिकत नाही. मालकीण चांगली असली म्हणून व्यवस्था बदलत नाही, हे आपल्याला कुणी शिकवायला नको.

त्याच वर्षीच्या ‘प्रोफेशनल स्वीटहार्ट’ मध्ये जिंजर रॉजर्स रेडिओवरची गायिका आहे. तिच्या जागी तिची मोलकरीण मायक्रोफोनसमोर गाते. ती थेरेसा. श्रेयनामावलीत तिचे नाव नाही. आवाज चालतो, नाव चालत नाही!

ही गुणवत्तेची उणीव नव्हती. पडद्यावर गोऱ्या-काळ्यांचे शरीरसंबंध दाखवू नयेत, असा हॉलिवूडच्या आचारसंहितेतच नियम होता आणि १९३४ पासून ती संहिता कडकपणे लागू झाली. मग काळी स्त्री गोऱ्या नायकाची प्रेयसी होणार कशी? १९४० मध्ये हॅटी मॅकडॅनियलला ऑस्कर मिळाले, तेही मोलकरणीच्या भूमिकेसाठी. आणि त्या समारंभात तिला वेगळ्या टेबलावर बसवले गेले. पंगतीचे हे शास्त्र आपल्या ओळखीचे आहे.

१९४७ च्या ‘आऊट ऑफ द पास्ट’ मध्ये थेरेसा काही क्षणच दिसते. याही वेळी ती मोलकरीणच आहे, पण कामावर नाही. काळ्या माणसांच्या क्लबात ती नटूनथटून आपल्या सोबत्याबरोबर बसली आहे, आणि मालकिणीचा पत्ता विचारायला गोरा गुप्तहेर तिच्या टेबलापाशी आला आहे. त्या काही क्षणांत तिचे स्वतःचे आयुष्य दिसते.

ती १९८५ मध्ये वारली. पुढे २०११ मध्ये लिन नॉटेज या काळ्या नाटककर्तीने तिच्यापासून प्रेरणा घेऊन नाटक लिहिले. आपल्या माणसांचा इतिहास आपणच लिहावा लागतो. विद्यार्थ्यांनी जुने चित्रपट पाहताना एक प्रश्न सोबत ठेवावा : झाडू कोणाच्या हातात दिला आहे, आणि तिचे नाव कुठे आहे?