वाद्य कोणाचं? मेलोट्रॉनपासून क्लाउडपर्यंत

आजचा विषय जाहीर झाल्यावर दोघा-तिघांनी मला विचारलं, की सर, संगणकातली वाद्यं हा तुमचा प्रांत कधीपासून? प्रांत म्हणाल तर नाहीच. मी आयुष्यभर शिकवलं ते तत्त्वज्ञान. पण वस्तू कशाला म्हणायचं आणि ती आपल्या मालकीची आहे असं कधी म्हणायचं, हे आमचे जुने प्रश्न सध्या संगीतकारांच्या टेबलावर येऊन बसले आहेत. म्हणून हा इतिहास तुमच्यापुढे ठेवतो.

आज पुण्यातला किंवा कोल्हापुरातला एखादा मुलगा लॅपटॉप उघडतो, कळपट्टीवर बोट ठेवतो आणि साठ व्हायोलिनं वाजतात. ती व्हायोलिनं त्यानं विकत घेतलेली नसतात. तो दरमहा भाडं भरतो. भाडं थांबलं की व्हायोलिनं गप्प. याला धंद्यात क्लाउड सबस्क्रिप्शन म्हणतात. इथपर्यंत आपण कसे आलो ते बघू.

सुरुवात मी मेलोट्रॉनपासून करतो. त्याच्याही आधी अमेरिकेत हॅरी चेंबरलिन नावाच्या गृहस्थांनी असं यंत्र केलं होतं. त्याच कल्पनेवर इंग्लंडमध्ये बर्मिंगहॅमच्या परिसरात 1963 मध्ये मेलोट्रॉन तयार झालं. आत काय होतं? प्रत्येक पट्टीखाली चुंबकीय फितीचा एक तुकडा. त्या फितीवर खऱ्या वादकानं खऱ्या वाद्यावर वाजवलेला तेवढाच एक स्वर. पट्टी दाबली की फीत चालू लागते, आवाज येतो. पट्टी सोडली की स्प्रिंग फितीला मागं खेचते. फीत सुमारे आठ सेकंदांची. त्याहून जास्त वेळ पट्टी दाबून ठेवली तर शांतता!

आता तुम्ही म्हणाल, फितीचं वेटोळं करून ती गोल फिरवायची होती, म्हणजे आवाज संपलाच नसता. तसं केलं नाही, याला कारण आहे. बासरीचा स्वर बासरीचा म्हणून आपण ओळखतो तो बहुतांशी त्याच्या आरंभावरून. फुंकर आधी लागते, मग स्वर उभा राहतो. सतारीचं तसंच, आधी नखीचा आघात. हा आरंभ कापून फक्त मधला भाग ऐकवला तर चांगले कान असलेला माणूससुद्धा वाद्य ओळखताना चाचपडतो. वेटोळ्याला आरंभच नसतो. म्हणून दर वेळी फीत पहिल्यापासून चालली पाहिजे. बीटल्सच्या ‘स्ट्रॉबेरी फील्ड्स फॉरेव्हर’ या 1967 च्या गाण्याच्या सुरुवातीला जी बासरी ऐकू येते ती या यंत्रातली. कुणीतरी, केव्हातरी, कुठल्यातरी खोलीत एकेक स्वर फुंकून ठेवला होता. गाण्याच्या वेळी तो वादक तिथं नव्हता. ही गोष्ट लक्षात ठेवा, आपल्याला तिच्याकडे परत यायचं आहे.

पुढचा टप्पा भराभर सांगतो. बेल लॅब्समध्ये मॅक्स मॅथ्यूज यांनी 1957 मध्येच संगणकाकडून सतरा सेकंदांची एक रचना वाजवून घेतली होती. पण तो संगणक खोलीभर होता. 1979 मध्ये ऑस्ट्रेलियात, सिडनीत, पीटर व्होगेल आणि किम रायरी यांनी फेअरलाइट नावाचं यंत्र बाजारात आणलं. आता फितीची गरज उरली नाही, आवाजाचे आकडे झाले. किंमत मात्र घराएवढी, त्यामुळे ते मोजक्याच लोकांकडे गेलं. पण वादकांच्या मनात जी भीती बसायची ती बसली. 1982 मध्ये ब्रिटनच्या म्युझिशियन्स युनियनच्या मध्य लंडन शाखेनं सिंथेसायझर आणि ड्रम मशीन यांच्यावर बंदी घालावी असा ठरावच केला. देशभरात अशी बंदी काही आली नाही. त्या ठरावाला आज लोक हसतात. मला हसू येत नाही. ज्याच्या पोटावर पाय येतो त्याला पुढचं बरंच लवकर दिसतं.

1983 मध्ये आली ‘मिडी’. दोन वेगवेगळ्या कंपन्यांची यंत्रं एका वायरीनं जोडायची आणि एकावर वाजवलेलं दुसऱ्यानं वाजवायचं. अमेरिकेतले डेव्ह स्मिथ आणि जपानचे इकुतारो काकेहाशी यांचा यात मोठा वाटा. हे स्पर्धक होते, तरी त्यांनी एक भाषा ठरवली आणि ती सगळ्यांना मोफत दिली. या धंद्यातली ही सर्वात उदार घटना असं माझं मत आहे. पण भाषेला व्याकरण असतं, आणि व्याकरण काही गोष्टी बोलूच देत नाही. मिडीच्या लेखी संगीत म्हणजे काय? पट्टी क्रमांक अमुक, दाबली, एवढ्या जोरानं, आता सोडली. पट्ट्यांचे क्रमांक 128, जोराच्या पायऱ्याही साधारण तेवढ्याच. स्वर वाकवायची सोय आहे, पण ती एका चाकावर, आणि चाक फिरवलं की त्या चॅनेलवरचे सगळे स्वर एकदम वाकतात. प्रत्येक स्वर स्वतंत्रपणे वाकवता येईल अशी अधिकृत सोय व्हायला 2018 साल उजाडलं.

इथं आपल्याकडच्या श्रोत्याला हार्मोनियम आठवायला हवी. तीही फ्रान्सकडून आली, पट्ट्यांची. आकाशवाणीनं 1940 मध्ये तिला बाहेर काढलं, आणि ती बंदी सैल व्हायला 1971 उजाडलं. आक्षेप काय होता? बारा ठरीव स्वर, श्रुती नाहीत, मींड नाही. आक्षेप खोटा नव्हता. पण त्याच काळात आमच्या संगीत नाटकाला ऑर्गनशिवाय चालत नव्हतं, आणि गोविंदराव टेंब्यांच्या बोटांखाली पेटी काय बोलत होती हे ऐकणाऱ्यांना ठाऊक होतं. वादक वाद्याच्या उणिवेशी झटतो, आणि त्या झटापटीतून एक बाज तयार होतो. पण त्यासाठी एक अट आहे, वाद्य वर्षानुवर्षं त्याच माणसाच्या हाताखाली राहिलं पाहिजे.

आता सॉफ्टवेअरकडे येऊ. 1996 मध्ये जर्मनीच्या स्टाइनबर्ग कंपनीनं व्हीएसटी ही पद्धत आणली आणि 1999 मध्ये तिच्यात वाद्यांची सोय केली. म्हणजे वाद्य हा संगणकातला एक कार्यक्रम झाला. अडचण होती ती स्मृतीची. सीडीच्या दर्जाचा स्टिरिओ आवाज एका मिनिटाला सुमारे 10 मेगाबाइट जागा खातो. पियानोचे 88 स्वर, प्रत्येक हळू आणि जोरात, पूर्ण विरेपर्यंत साठवायचे, तर त्या काळच्या संगणकाची रॅम कुठून पुरणार? 1998 च्या सुमारास गिगासॅम्पलर या सॉफ्टवेअरनं तोड काढली. प्रत्येक स्वराचा फक्त आरंभ रॅममध्ये तयार ठेवायचा, आणि तो वाजेपर्यंत उरलेला भाग हार्डडिस्कवरून ओढून आणायचा. बघा, पुन्हा तोच आरंभ! मेलोट्रॉनच्या फितीची अडचण पस्तीस वर्षांनी नव्या वेषात सुटली.

मग ग्रंथालयं उभी राहिली. व्हिएन्नात हर्ब टुकमांडल या चेलोवादकानं 2000 मध्ये व्हिएन्ना सिम्फनिक लायब्ररी सुरू केली. तिथं त्यांनी सुटे स्वर तर टिपलेच, शिवाय एका स्वरावरून दुसऱ्यावर जाताना मधे जे घडतं तेही टिपलं. सा वरून रे, सा वरून ग, वर जाताना, खाली येताना. वादकानं बसून या सगळ्या जोड्या वाजवायच्या. केवढी चिकाटी!

इथं मला आमच्या शास्त्राकडे वळू द्या, दोनच मिनिटं. शब्द नित्य की अनित्य, हा मीमांसक आणि नैयायिक यांचा मोठा वाद. मीमांसक म्हणतो, ‘ग’ हा वर्ण एकच आहे, नित्य आहे. आपण उच्चारतो तेव्हा तो फक्त प्रकट होतो. नैयायिक म्हणतो, छे, प्रत्येक उच्चारात नवा शब्द उत्पन्न होतो आणि नष्ट होतो. सारखेपणामुळे आपण त्याला ‘तोच’ म्हणतो, एवढंच. आता सॅम्पल म्हणजे मीमांसकाची चैन. एकदा टिपलेला स्वर, हवा तेव्हा प्रकट करा. पण धंद्यात काय अनुभव आला? तोच टिपलेला स्वर लागोपाठ चार वेळा वाजवला, की कान लगेच बिथरतो. ठकठकठकठक. त्याला हे लोक ‘मशीनगन इफेक्ट’ म्हणतात. कारण खऱ्या वादकाचे चार गंधार चार वेगळे असतात. उपाय म्हणून एकच स्वर चार-पाच वेळा टिपतात आणि आळीपाळीनं वाजवतात. त्याला नाव ‘राउंड रॉबिन’. पैसे खर्च करून, वादकाला पुन्हा पुन्हा वाजवायला लावून या उद्योगानं नैयायिकाच्या बाजूनं निकाल दिला, असं मी म्हणेन. मीमांसकांनी रागावू नये. (हशा)

आणि मींड? दोन स्वरांमधली वाट टिपता येते, पण मींडेत ती वाट किती वेळात कापायची, कुठं रेंगाळायचं, कोणत्या श्रुतीला शिवून यायचं, हे राग ठरवतो आणि त्या क्षणी वादक ठरवतो. त्याच्या सगळ्या जोड्या टिपून संपायच्या नाहीत. म्हणून सारंगी-सतारीच्या संग्रहांत तयार वाक्यंच्या वाक्यं टिपून देतात. संगीतकार ती निवडतो. निवडणं आणि वाजवणं यांत जो फरक आहे तो तुम्हाला वेगळा सांगायला नको.

मुंबईत हे सगळं पोचलं तेव्हा तिथं एक मोठी संस्कृती उभी होती. चित्रपटाच्या ध्वनिमुद्रणाला साठ-सत्तर वादक जमायचे. त्यांत गोव्याची माणसं पुष्कळ. चर्चच्या शाळांत लहानपणीच स्वरलेखन वाचायला शिकलेली. मजोर्ड्याचे अँथनी गोन्सालवीस, सेबॅस्टियन डिसोझा, फ्रँक फर्नांड. प्यारेलाल व्हायोलिन शिकले ते गोन्सालवीसांकडे, आणि 1977 च्या ‘अमर अकबर अँथनी’तल्या गाण्यात ते नाव आलं ते त्या नात्यानं. एका माणसाची चूक झाली तर सगळ्यांना पुन्हा वाजवावं लागायचं, म्हणून चूक करायची नाही अशी शिस्त. ऐंशीच्या दशकात सिंथेसायझर आला, नव्वदच्या दशकात स्वतंत्र ट्रॅकवर एकेकट्याचं मुद्रण आणि संगणक आले, आणि तो मोठा हॉल रिकामा झाला. इथं संगणकाला शिव्या घालणं सोपं आहे. पण हेही खरं, की तो हॉल ज्यांना कधीच परवडला नसता अशी कितीतरी मुलं आज वाद्यवृंदासाठी लिहितात. हा लाभ मी लहान मानत नाही.

शेवटी क्लाउड. ईस्टवेस्ट या अमेरिकी कंपनीनं 2015 मध्ये कंपोझर क्लाउड सुरू केलं. आपला सारा संग्रह मासिक भाड्यानं. त्यात ‘सिल्क’ नावाचा संग्रह आहे, चीन, भारत आणि इराणच्या वाद्यांचा. रोलँडनंही आपली जुनी यंत्रं सॉफ्टवेअरच्या रूपात अशीच भाड्यानं ठेवली. क्लाउड हा शब्द मात्र जरा फसवा आहे. तुमची पट्टी दाबल्यावर आवाज काही ढगातून येत नाही, येऊ शकत नाही. काचेच्या तंतूतून प्रकाश सेकंदाला सुमारे दोन लाख किलोमीटर जातो. मुंबईहून लॉस एंजेलिस सरळ रेषेत सुमारे चौदा हजार किलोमीटर. जाऊन येऊन 140 मिलिसेकंद, आणि हे झालं आदर्श गणित. वादकाला वीस-तीस मिलिसेकंदांचा उशीरही हाताला जाणवतो. म्हणून स्वर तुमच्याच डिस्कवर उतरवलेले असतात. तुमच्या घरात, तुमच्या विजेवर. दूर असते ती किल्ली. वाद्य घरात आणि किल्ली सातासमुद्रापलीकडे, असा हा प्रकार.

विकत घेतलेलं तरी टिकतं का? प्रामाणिकपणे सांगायचं तर नाही. ज्यांनी गिगा घेतलं त्यांचा आधार 2008 मध्ये गेला, कंपनीनं ते बंदच केलं. ॲपलनं 2019 मध्ये 32-बिट कार्यक्रमांचा आधार काढला आणि त्या संगणकांवर पैसे मोजून घेतलेली कितीतरी जुनी वाद्यं एका अपडेटमध्ये मुकी झाली. तरीही फरक आहे. जुना संगणक जपून ठेवला तर विकत घेतलेलं सहसा चालतं. भाड्याचं वाद्य महिनाअखेर विचारतं, पैसे भरले का? 2023 च्या मार्चमध्ये वेव्ह्ज या कंपनीनं जाहीर केलं, की यापुढे विक्री बंद, फक्त भाडं. ग्राहकांनी असा गदारोळ केला की काही दिवसांतच विक्री पुन्हा सुरू करावी लागली. तिथं आवाजाच्या दर्जाबद्दल कुणाचीच तक्रार नव्हती. लोकांना भीती होती ती स्वतःच्याच जुन्या कामाची. दहा वर्षांपूर्वीची रचना उघडायची आणि एक सुरावट बदलायची, तर आज कुणाची परवानगी लागेल?

आणि तो एकेक स्वर वाजवून ठेवणारा वादक? काही कंपन्या त्याला विक्रीतला वाटा देतात, काही ठिकाणी एकदाच बिदागी मिळते. मेलोट्रॉनची फीत आठ सेकंदांत संपायची. या माणसाचे स्वर कधीच संपत नाहीत, आणि दरमहा त्यांचं भाडं येत राहतं. ते कुणाकडे जावं, हा प्रश्न कायद्याचा आहे आणि नीतीचाही.

श्रोत्यांतून एक चिठ्ठी आली आहे: “मुलगी संगीत संयोजन शिकते. भाड्यानं घ्यावं की विकत?” ताई, शिकताना भाड्यानं घ्यायला हरकत नाही, पुष्कळ वाद्यं हाताखालून जातील. पण तिला तीन सवयी लावा. प्रत्येक रचना पूर्ण झाली की एकेका वाद्याचा ट्रॅक वेगळा ध्वनिरूपात काढून ठेवायचा. हे लोक त्याला बाउन्स म्हणतात. भाडं थांबलं तरी तो आवाज ऐकू येतो. मिडीची फाइल वेगळी जपायची, ती दुसऱ्या कुठल्याही वाद्यावर वाजते. आणि स्वरलेखन कागदावर उतरवायचं. पुढंमागं चार व्हायोलिनवाले जमले, तर त्यांच्यासमोर ठेवायला काहीतरी हवं.