बेल्जमची काच आणि आपली काच

आमच्या काकाजींच्या लेखी जगात दोनच प्रकारच्या काचा होत्या. एक ‘बेल्जम’ आणि दुसरी ‘देशी’. भंडाऱ्यात त्यांचं तसबिरी मढवायचं आणि खिडक्या-कपाटांना काचा बसवून द्यायचं छोटंसं दुकान होतं. बेल्जम म्हणताना त्यांचा आवाज आपोआप खाली यायचा, देवळात येतो तसा. देशी म्हणताना ओठाचा एक कोपरा वाकडा व्हायचा. “देशी काय बाप्पा, त्यातून पाह्यलं तर सरळ माणूसही वाकडा दिसते.” गंमत अशी की त्यांनी उभ्या आयुष्यात विकली ती जवळजवळ सगळी देशीच. बेल्जमची काच त्यांनी विकण्यापेक्षा जुन्या चौकटींतून काढलीच जास्त.

(घरातली मंडळी हे वाचतील तेव्हा हसतील. हसा. पण पुढचंही वाचा.)

गेली दोनेक वर्षं माझ्या डोक्यात हा प्रश्न घोळतोय की देशी काच खरंच वाईट होती का, आणि होती तर का? भंडारा म्हणजे पितळेच्या भांड्यांचं गाव. इथल्या कारागिराच्या हाताला कोणी नाव ठेवलेलं मी ऐकलेलं नाही. मग काचेतच आपण एवढे कच्चे कसे? वाचत गेलो तसं लक्षात आलं, की ही गोष्ट कारागिरीची नाहीच मुळी.

आधी बेल्जमबद्दल. बेल्जियममधल्या शार्लरुआच्या आसपास कोळसा होता आणि काच फुंकणारे पिढीजात कारागीर होते. ते नळीने काचेचं भलंमोठं नळकांडं फुंकायचे, ते उभं चिरून पुन्हा तापवायचे आणि उलगडून सपाट करायचे. खिडकीची काच अशी व्हायची. पुढे त्याच देशातल्या एमिल फूर्को नावाच्या माणसाने वितळलेल्या काचेतून सपाट पत्रा सरळ वर ओढून काढायचं यंत्र शोधलं. पेटंट १९०२ चं, पहिल्या महायुद्धाच्या तोंडावर ते कारखान्यात रुळलं. छोटासा देश, तो एवढी काच स्वतः वापरणार कुठे? ती जहाजात चढायची आणि मुंबई-कलकत्त्याला उतरायची. गवतात बांधलेल्या लाकडी पेट्यांतून रेल्वेने भंडारा रोड स्टेशनावर, म्हणजे वरठीला. तिथून बैलगाडीने गावात. आमच्या जुन्या घराच्या खिडक्यांतलं सागवान इथलं, पुट्टीत मळलेलं जवसाचं तेल इथलं, घरावरची कवेलू इथली. काच तेवढी सातासमुद्रापलीकडची.

आता पुणे-लोणावळा लोकलचा रस्ता आठवा. लोणावळ्यानंतर मळवली, आणि आणखी काही स्टेशनं गेली की तळेगाव. या एवढ्याशा पट्ट्यात शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी दोन मोठ्या गोष्टी घडल्या. राजा रविवर्म्याचा छापखाना १८९४ मध्ये मुंबईत सुरू होऊन पुढे मळवलीला आला. तिथे छापलेली लक्ष्मी-सरस्वती घराघरांत पोचली, आणि काकाजींच्या धंद्याचा पाया तिथेच घातला गेला असं मी मानतो, कारण कागदावर छापलेला देव भिंतीवर टांगायचा तर त्याला काच लागतेच. आणि तळेगावला १९०८ मध्ये पैसा फंडाचा काच कारखाना उभा राहिला.

पैसा फंड ही कल्पना अंताजी दामोदर काळ्यांची. प्रत्येकाने वर्षाला फक्त एक पैसा द्यायचा आणि त्यातून देशी उद्योग काढायचे. टिळकांनी ती उचलून धरली. वाचायला फार छान वाटतं. पण मी वाण्याच्या वहीसारखा हिशेब मांडून पाहिला. तेव्हा रुपयाचे पैसे चौसष्ट. म्हणजे एक लाख माणसांनी पैसा दिला तरी जमणार अवघे १,५६२ रुपये! त्या बळावर काचेचा कारखाना काढणाऱ्यांच्या छातीला दाद द्यावी की हिशेबाला हसावं, कळत नाही. दाद द्यावी असंच मला वाटतं. कारखाना उभा राहिला त्याच वर्षी टिळकांना शिक्षा होऊन त्यांची रवानगी पुढे मंडालेला झाली, तरी भट्टी पेटली. तिथे दिव्याच्या चिमण्या, बाटल्या अशा वस्तू होऊ लागल्या आणि मुख्य म्हणजे माणसं शिकून बाहेर पडली. पुढे १९१६ मध्ये कऱ्हाडजवळ ओगले बंधूंनी कारखाना काढला. त्यांचा प्रभाकर कंदील आमच्याही घरात होता.

पण या सगळ्यात खिडकीची काच कुठे आहे? नाही. आणि इथेच खरी अडचण आहे. चिमणी किंवा बाटली कुंडीतल्या काचेतून करता येते. भट्टी आज पेटवा, मागणी नसेल तर विझवा, तोटा सोसेल एवढाच. सपाट काचेचं तसं नाही. तिची भट्टी एकदा पेटली की वर्षानुवर्षं रात्रंदिवस चालू ठेवावी लागते. दिवाळी असो की मंदी, पत्रा ओढला जातच राहतो, आणि तो विकला गेलाच पाहिजे. त्याला भांडवल लागतं, स्वस्त कोळसा लागतो आणि हमखास बाजार लागतो. पैशापैशाने ते होणं शक्य नव्हतं.

तरीही ते झालं, आणि ज्याने केलं तो माणूस तळेगावचाच. म्हणजे जन्माने नव्हे, कामाने. ईश्वरदास वार्ष्णेय हे उत्तर हिंदुस्थानातले गृहस्थ. जपानला जाऊन काच शिकले, मग अमेरिकेत बोस्टनच्या एमआयटीत शिकले आणि परत येऊन पैसा फंडाच्या कारखान्याची उभारणी त्यांनी केली. पुढे त्यांनी संयुक्त प्रांतात, मुरादाबादच्या बाजूला बहजोई इथे स्वतःचा कारखाना काढला. त्या बहजोईत फूर्कोची यंत्रं बसली आणि या देशात खिडकीची काच होऊ लागली. हे १९२० च्या दशकाच्या अखेरचं. मराठी माणसाच्या पैशावर ज्यांनी हात बसवला त्यांनीच बेल्जमला पहिलं उत्तर दिलं, आणि हे आपल्याकडे फारसं कोणाला ठाऊक नाही. शाळेच्या पुस्तकात पैसा फंड एका ओळीत उरकतो, तळेगावच्या पुढे कोणी जातच नाही.

बहजोईची काच बाजारात आली आणि नेमकी जगभर मंदी आली. बेल्जियमची काच स्वस्त झालीच होती, त्यात जपानने आपल्या येनची किंमत पाडली. काच कारखानदारांनी सरकारकडे संरक्षण मागितलं, म्हणजे आयात मालावर जास्त जकात. प्रकरण टॅरिफ बोर्डाकडे गेलं. बोर्डाने चौकशी केली आणि १९३२ मध्ये संरक्षण द्यावं अशी शिफारस केली. वाळू इथे आहे, चुना आहे, कोळसा आहे, बाजार आहे. सोडा अ‍ॅश तेवढा बाहेरून आणावा लागतो, पण त्यावाचून अडू नये, असं बोर्डाचं म्हणणं. सरकारने तीन वर्षं विचार केला (सरकारंच ती!) आणि १९३५ मध्ये नकार दिला. कारण? सोडा अ‍ॅश देशात होत नाही, सबब या धंद्याला नैसर्गिक अनुकूलता नाही. सोड्यावरच्या जकातीत थोडी सूट देऊन कारखानदारांची बोळवण केली.

हे वाचलं तेव्हा मी खुर्चीतून उठून एक फेरी मारून आलो. मँचेस्टरला कापूस कुठे पिकत होता? तिथल्या गिरण्यांना कोणी अनुकूलतेचा दाखला मागितला होता का? आणि सोड्याचं म्हणाल तर या नकारानंतर चारच वर्षांनी, १९३९ मध्ये, मिठापूरला टाटा केमिकल्सची स्थापना झाली.

जे टॅरिफने केलं नाही ते शेवटी लढाईने केलं. मे १९४० मध्ये बेल्जियम जर्मनांच्या टाचेखाली गेला आणि पुढच्या वर्षाअखेर जपान शत्रुपक्षात. पेट्या यायच्या बंद झाल्या. काकाजींच्या ‘बेल्जम’ला देवपण आलं ते मला वाटतं याच काळात. जी वस्तू मिळत नाही तिची कीर्ती वाढतेच.

स्वातंत्र्यानंतर बंगालात आसनसोलला हिंदुस्थान पिल्किंग्टनचा कारखाना आला, १९५६ मध्ये जपानच्या असाहीने त्या वेळच्या बिहारमधल्या भुरकुंड्याला पाय रोवले. काकाजींचं दुकान सुरू झालं साठीच्या दशकात. म्हणजे ते जिला नाक मुरडून देशी म्हणायचे त्या काचेतली बरीचशी इंग्रजी आणि जपानी कंपन्यांची असणार! भट्टी आपल्या मातीत होती एवढंच. मी हे त्यांना एकदा सांगितलं. ते म्हणाले, “असंल. पण लाट तर होतीच ना?”

होती. लाट खरी होती. वर ओढलेल्या पत्र्याला ओढीच्या दिशेने बारीक लाटा येतातच, मग तो बेल्जियममध्ये ओढा की बिहारमध्ये. जुना अनुभवी माणूस काच उजेडाकडे धरून लाट कुठे जाते ते पाहायचा आणि चौकटीत ती आडवी येईल अशी काच कापायचा. उभी राहिली तर समोरून चालणारा माणूस नाचत गेल्यासारखा दिसतो. काकाजी हिरकणी चालवायच्या आधी प्रत्येक तुकड्याला हे करायचे. काचेची जाडीही ते मिलिमीटरमध्ये कधी बोलले नाहीत. चौरस फुटाला वजन किती, त्यावरून सोळा औंस, चोवीस औंस असंच. चोवीस औंस म्हणजे साधारण तीन मिलिमीटर.

रंगाचीही एक गोष्ट आहे. वाळूत लोखंडाचा अंश असला की काच हिरवट येते. तो हिरवेपणा घालवायला जुने काचवाले त्यात चिमूटभर मँगनीज टाकायचे. त्याला काचेचा साबणच म्हणत. आणि मँगनीज म्हणजे आमच्या तुमसर तालुक्यातलं डोंगरी बुजुर्ग आणि चिखला! आमच्या जिल्ह्यातून मँगनीज गाड्या भरभरून बाहेर गेलं. मुख्यतः पोलादासाठी, हे खरं. पण डोंगरीचा खनिजाचा दगड हातात घेतला की मला पोलादाआधी काच आठवते. असो.

लाट संपवली ती पिल्किंग्टनने. १९५९ मध्ये इंग्लंडात त्यांनी जाहीर केलं की वितळलेल्या कथलावर काच तरंगत सोडली की ती दोन्ही बाजूंनी आरशासारखी सपाट होते. हीच फ्लोट काच. ती भारतात तयार व्हायला १९९३ उजाडलं. अंकलेश्वरला गुजरात गार्डियन, त्याच दशकात आपल्या रायगड जिल्ह्यात तळोज्याला फ्लोटग्लास इंडिया, मग २००० मध्ये चेन्नईजवळ श्रीपेरुंबुदूरला सेंट गोबेन. चौतीस वर्षं! आणि या उशिराला इंग्रज जबाबदार नाहीत. परवाने मोजके, आयातीला कुलूप, जो माल होईल तो विकला जाणार. मग कोण कशाला कथलावर पैसा ओतेल? १९३५ मध्ये ज्या धंद्याला कुंपण नाकारलं, त्याला नंतर इतकी उंच भिंत घालून दिली की बाहेर काय चाललंय ते आत दिसेना. काकाजींच्या तिरस्काराचं खरं कारण मला या चौतीस वर्षांत सापडतं. त्यांनी आयुष्यभर जी काच कापली ती वाईट कारागिरांची नव्हती. जुन्या यंत्रांची होती, आणि ती बदलायची घाई कोणालाच नव्हती.

याचं पुढचं टोक तर अजबच आहे. २००३ मध्ये भारत सरकारने चीन आणि इंडोनेशियातून पडेल भावात येणाऱ्या फ्लोट काचेवर अँटी-डम्पिंग शुल्क बसवलं. कारखाने वाचवायला हवेत हे बरोबरच. पण तेव्हा वाचवायचे ते कारखाने कोणाचे, तर अमेरिकन, जपानी आणि फ्रेंच कंपन्यांची भागीदारी किंवा मालकी असलेले. बहजोईला जे मिळालं नाही ते त्यांना मिळालं. मी परकी भांडवलाच्या विरुद्ध नाही. तळोज्याच्या काचेने माझ्याही घरात उजेड येतो. पण ईश्वरदास वार्ष्णेयांची आठवण त्या निमित्ताने कोणी काढली असती तर बरं वाटलं असतं.

फ्लोट आली तेव्हा काकाजी खूश झाले होते. पहिली पेटी नागपूरच्या इतवारीतून आली तेव्हा तुकडा डोळ्यापुढे धरून म्हणाले, “हे तं दिसूनच नाही राह्यली!” लाट पाहायची गरजच संपली. पण लाट पाहता येणाऱ्या माणसाची गरजही त्याबरोबर संपली. ॲल्युमिनियमच्या सरकत्या खिडक्या काचेसकट बसवून मिळू लागल्या, तसबिरी तयार चौकटीत प्लॅस्टिकच्या काचेसह येऊ लागल्या. २००७ मध्ये त्यांनी दुकान गाळ्यासकट देऊन टाकलं. हिरकणी मात्र दिली नाही. ती माझ्याकडे आहे.

आता घरच्यांसाठी एक सूचना. भंडाऱ्याचं घर या उन्हाळ्यात पाडायचं ठरलंय. सागवानाचं बोलणं झालंय, काचा कंत्राटदार फोडून टाकणार आहे. मधल्या माजघराच्या खिडकीत आठ काचा शाबूत आहेत, साधारण १० बाय १४ इंची, लाट आडवी, आणि दोघींत बारीक बुडबुडे. त्या बेल्जमच्या की बहजोईच्या, हे बघून सांगता येत नाही. काकाजींनाही आलं नाही. पुट्टी दगडासारखी झाली आहे, छिन्नी लावली तर काच जाईल. आधी गरम करून मऊ करावी लागेल. चार मी घेणार आहे. उरलेल्या चार ज्यांना हव्यात त्यांनी अक्षय्य तृतीयेच्या आत कळवावं.